नबीलच्या फाटकाचा दावा

आमच्या मुझम्मिलनी नबीलवर दापोलीच्या कोर्टात दावा लावला होता, आणि तोच नबील जेद्दात रोज आमच्याकडे जेवायला असायचा. दोघे चुलतभाऊ, तिथल्या बलद बाजारातल्या एकाच मोबाईलच्या दुकानात शेजारी शेजारी बसणारे. कोर्टाच्या तारखेला तेवढे एकमेकांशी बोलायचे नाहीत. त्या दिवशी सालनाचं पातेलं इकडून तिकडे सरकवायचं काम माझं.

भांडण वाटेचं. गावात आमच्या घरी जायचं तर नबीलच्या फाटकातून जावं लागतं, आणि एका सुट्टीत रागाच्या भरात त्यानं तिथे कुलूप ठोकलं. आम्ही सगळे इथे, त्यामुळे त्या कुलपाचा फायदा झाला तो फक्त वकिलांना.

मग हुकूम आला की मोबाईलच्या दुकानांत यापुढे सौदीच काम करतील. दोघांच्याही नोकऱ्या खलास. नबील आधी निघणार होता, मग आमचं सामान कार्गोनं आणि शेवटी आम्ही. आता मात्र मुझम्मिलना घाम फुटला. फ्रीज, सोफा, माझं शिवणयंत्र, सगळं त्या फाटकातूनच जायचं होतं. ते उघडलं नाही तर घर असून आम्ही रस्त्यावर.

त्यांनी दावा मागे घ्यायचं ठरवलं. पण सरळ माघार घेतील तर ते मुझम्मिल कसले? वकिलाकडून अर्जात घालून घेतलं की पुन्हा दावा लावण्याचा आणि इतर सर्व कायदेशीर मार्गांचा हक्क राखून हा दावा मागे घेत आहे. मी म्हटलं, ही तर चप्पल हातात धरून मागितलेली माफी झाली. त्यांनी खाली सही ठोकली.

सही केलेला अर्ज वकिलाकडे पोचवायचा कुणी? इथे कुणी गावाला निघालं की लोक त्याच्याकडे खजूर, औषधं, कागदपत्रं देतात आणि जाणारा नाही म्हणत नाही. पाकीट मात्र उघडं द्यायचं, म्हणजे विमानतळावर विचारलं तर त्याला दाखवता येतं. रीत म्हणजे रीत. ज्याच्यावर दावा, त्याच्याच हातात यांनी ते उघडं पाकीट दिलं. मी कपाळावर हात मारला.

अर्ज पोचल्याचा वकिलाचा फोन आला. नबीलचा येईना. पुढे कार्गोवाल्यानं कळवलं की फाटकाशी सामान कुणीतरी उतरवून घेतलं. कुणी, ते त्याला ठाऊक नव्हतं. मुझम्मिल जेवतानाही फोन ताटाशेजारी ठेवायला लागले.

शुक्रवारी नबीलनं व्हिडिओ कॉल लावला. फाटक सताड उघडं, मिटू नये म्हणून खाली चिऱ्याचा दगड लावलेला. त्याच्या पडवीत आमचा फ्रीज, माझं शिवणयंत्र, आणि आमच्याच सोफ्यावर तो स्वतः.

"मुझम्मिलभाई, या," तो म्हणाला. "फाटक उघडलंय. पुन्हा बंद करायचा हक्क राखून."

मला वाटलं, झालं, आता नवा दावा. पण मुझम्मिलच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. मला हायसं वाटलं.

"आधी सोफ्यावरून उठ," ते म्हणाले. "प्लॅस्टिक काढलंस काय त्याचं?"

"नाय काढलं," नबील म्हणाला. "तुम्ही आलात की काढू."