मिरी म्हणून डोंगर उतरायचा नाही

फुसाए कितामारूने आयुष्यात एकच काम कधी घाईने केलं नाही, ते म्हणजे सान्शोच्या सालीतून काळं बी वेगळं करणं. बाकी सगळ्यात ती घाईची. बोलण्यात, जेवण्यात, आणि रागावण्यात तर विशेषच. पण वाळलेला सान्शो समोर आला की ती चष्मा पुसायची, मांडी घालून बसायची आणि एकेक फळ बोटाने फिरवून बघायची. फळ वाळलं की आपसूक उकलतं आणि आतलं काळं कुळकुळीत बी दिसायला लागतं. ते फेकायचं आणि साल ठेवायची. बांगड्याच्या आमटीत तिरफळं टाकणाऱ्याला हे वेगळं सांगायला नको, सान्शो त्याच घराण्यातला. यंत्रातून बरंचसं बी गळून पडतं, पण जे चिकटून राहतं ते माणसालाच काढावं लागतं. पन्नास वर्षं ते काढत बसलेल्या या बाईला जूनच्या शेवटी लंडनहून निरोप आला की, तुमच्या मालात दाणे नाहीत, नुसती टरफलं आहेत.

निरोप घेऊन आला इवाओ मोरिशिता. जपानातल्या त्या डोंगरावर सान्शो पिकवणारी पाच घरं उरली होती. त्यांच्या सोसायटीचा तो अध्यक्ष, आणि फुसाएच्या नवऱ्याचा लहानपणापासूनचा दोस्त. कागद इंग्रजीत होता, म्हणून त्याने तो फुसाएच्या सुनेच्या हातात दिला. सून चिगुसा खालच्या गावातल्या शाळेत इंग्रजी शिकवत असे.

"लिहिलंय की, वास फार सुरेख आहे," चिगुसा म्हणाली. "पण अख्खे दाणे फारच थोडे निघाले. पुढच्या खेपेला टरफलं काढून नुसते दाणे पाठवावेत."

"म्हणजे खायचं ते फेकायचं आणि फेकायचं ते खायचं," फुसाए म्हणाली. "अक्कल गुडघ्यात आहे का त्यांची?"

"वहिनी, गिऱ्हाईक आहे ते," इवाओ म्हणाला. "मागतंय तर देऊ ना. बी आपण टाकूनच देतो. मागच्या पडवीत पोतं भरून पडलंय. मूठ मूठ मिसळायचं. त्यांचंही समाधान, आपलंही काम हलकं."

फुसाएने चहाचा पेला खाली ठेवला. तो इतक्या हळू ठेवला की चिगुसा धसकली. सासूबाई आदळआपट करत असल्या की काळजी नसते, हे तिला बारा वर्षांत कळलं होतं.

"भावजी, ते बी कधी चावून बघितलंय?"

"लहानपणी बघितलं असेल."

"दाताखाली वाळू येते. भातात खडा लागला तर तुम्ही बायकोला बोल लावता, आणि परमुलखात खडे विकायला निघालात?"

इवाओचंही अगदीच चुकत होतं असं नाही. पाच घरांत बागेत राबणारा सगळ्यात तरुण माणूस सहासष्ट वर्षांचा होता, आणि तो म्हणजे इवाओ स्वतः. त्याने वसंतातच सगळ्यांना सांगून टाकलं होतं की, हे लंडनचं गिऱ्हाईक टिकलं नाही तर पुढच्या वर्षी वाळवणघराची भट्टी पेटणार नाही. भट्टी नाही तर वाळवण नाही, आणि वाळवण नाही तर झाडं नुसती शोभेची. पलीकडच्या उतारावर तसंच झालं होतं. तिथे आता सुरूसारखे सरळसोट वृक्ष उभे होते, कोणाच्याच जेवणाच्या उपयोगाचे नसलेले. फुसाएच्या बागेत त्रेचाळीस झाडं होती. सगळी शोकिचीने, तिच्या नवऱ्याने, लावलेली. शोकिचीला जाऊन सहा वर्षं झाली होती.

"माल चुकलेला नाही," फुसाए म्हणाली. "तुम्ही डब्यावर काय लिहिलंत?"

इवाओ चिगुसाकडे बघायला लागला. चिगुसा खाली बघायला लागली.

"जॅपनीज पेपर," ती म्हणाली. "जपानी मिरी. मीच लिहून दिलं, आई. शब्दकोशात तेच दिलंय."

आता सुनेची धडगत नाही असं इवाओला वाटलं. पण फुसाएने नुसतं विचारलं, "तिकडचे लोक मिरी कशाला म्हणतात?"

"काळी मिरी असते तिला म्हणतात. ढबू मिरचीलाही म्हणतात. लाल मिरचीलाही. जिभेला झोंबलं की झालं."

"आणि आता आपल्यालाही. म्हणजे एका हाकेला चौघांनी ओ द्यायची. बरं, त्या काळ्या मिरीचं ते काय करतात?"

"अख्खी दळतात. तिच्यात टाकून द्यायचं काही नसतं."

"मग त्यांचं काय चुकलं? मिरी म्हणून सांगितलंत, त्यांनी दाणा शोधला. मीही शोधला असता." फुसाए उठली. "डब्यावर सान्शो लिहायचं. त्याचं नाव ते आहे."

"वहिनी, तिकडे कोणाला कळणार हो ते? नाव घेऊन काय चाटायचंय?"

"चाटायचंच तर आहे. तोंडात घालायच्या वस्तूचं नाव खोटं असून चालायचं नाही. माझा माल मिरी म्हणून हा डोंगर उतरणार नाही."

सोसायटीच्या एकूण मालातला तिसरा हिस्सा तिचा. इवाओने त्या आठवड्यात बाकीची तिन्ही घरं पालथी घातली. फुसाएला म्हातारचळ लागलाय यावर त्याच्यासकट चारही घरांचं एकमत झालं, पण ते तिच्या तोंडावर सांगायला कोणी तयार होईना. शेवटी इवाओने चिगुसाकडून लंडनला उत्तर लिहवून घेतलं की, प्रत्यक्ष येऊन बघा. त्याला वाटलं, कोण एवढ्या लांब येतंय.

जुलैच्या शेवटी, तोडणी ऐन भरात असताना, ती आली. हेस्टर तिचं नाव. पन्नाशीची, उंच, उन्हाने लालबुंद झालेली. लंडनमधलं मसाल्यांचं छोटंसं दुकान तिने स्वतः उभं केलं होतं. सिकाडा किडे कानठळ्या बसवत होते. फुसाए झाडापाशी उभी राहून द्राक्षांसारखे लोंबणारे घोस खुडत होती, काटे चुकवत, फळाला नख न लावता, कारण नख लागलं की साल काळी पडते. तिने पाहुणीकडे मान लववली आणि काम पुढे चालू ठेवलं.

हेस्टरने एक घोस नाकाशी नेला आणि तिचा चेहराच खुलला. ती झाडांमधून फिरायला लागली आणि फिरता फिरता, आपल्याच तंद्रीत, गुणगुणायला लागली.

"गप्प!" फुसाए ओरडली.

इवाओने कपाळावर हात मारला. सान्शोच्या झाडाखाली गायचं नाही, गायलं तर झाड वाळतं, हे तिथल्या पोराटोरांनाही ठाऊक. पाहुणीला ते सांगायचं राहिलं होतं, कारण ते कोणाला सांगावं लागतं हेच कोणाला सुचलं नव्हतं. गाण्याने झाड खरोखर मरतं का ते मला विचारू नका. त्या बागेत मी स्वतः कधी शीळ घातलेली नाही. शोकिचीचा गळा तर भजनी मंडळाने पळवून न्यावा असा होता, पण बागेत तो मुका. खालचा पाण्याचा पाट ओलांडला की लगेच गायला लागायचा आणि मागून येणारी फुसाए त्याला साथ द्यायची. तो गेल्यापासून पाट ओलांडूनही तिच्या तोंडून सूर निघाला नव्हता.

चिगुसाने चाचरत इंग्रजीत सांगितलं. हेस्टर आधी हसली, मग फुसाएचा चेहरा बघून तिने हसू आवरलं आणि माफी मागितली.

"हिला विचार," फुसाए सुनेला म्हणाली, "मिरीचा वेल गाण्याने वाळतो का?"

हेस्टरने खरंच विचार केला. "नाही," ती म्हणाली. "केरळात मिरी तोडताना मी बघितलीय. बायका मोठमोठ्याने गात होत्या."

"झालं तर मग," फुसाए म्हणाली आणि पुढच्या घोसाला हात घातला.

दुपारी घरात तिने पाहुणीपुढे दोन बश्या ठेवल्या. एकीत काळं बी, दुसरीत साली. आधी बी. हेस्टरने चावलं, तोंड वाकडं केलं आणि कागदी रुमालात थुंकली. मग एक साल. फुसाएने हाताने थांब अशी खूण केली. थोड्या वेळाने हेस्टरचे डोळे मोठे झाले. आधी लिंबासारखा वास नाकात चढला, मग जीभ मुंग्या आल्यासारखी थरथरायला लागली. फुसाएने भाताची वाटी पुढे केली. वर सान्शो घालून शिजवलेली बारीक सुकी मासळी. हेस्टरने वाटी चाटूनपुसून संपवली.

"बी मला नको," ती शेवटी म्हणाली. "माझी चूक झाली. पण नावाचं सांगते. माझ्या दुकानात 'जपानी मिरी' वाचून माणूस डबा उचलतो. 'सान्शो' वाचून उचलणार नाही. मिरी मोठ्या अक्षरांत घालू, खाली बारीक अक्षरांत तुमचं नाव."

"वहिनी, हो म्हणा," इवाओ हळूच म्हणाला. "पदर पसरतो तुमच्यापुढे. एवढ्यावर सुटतंय, पाचही घरं वाचतायत."

भट्टी विझली तर शोकिचीची त्रेचाळीस झाडं आपल्या डोळ्यांदेखत रान होतील, हे फुसाएला इवाओइतकंच कळत होतं. भीती वाटत होती. पण मान हलत नव्हती.

"तिला सांग, तुम्हाला सुशी तरी कुठे ठाऊक होती? आता म्हणे पेट्रोल पंपावर मिळते. ती काय 'जपानी सँडविच' म्हणून शिकलात? आणि हेही सांग. मी बहात्तर वर्षांची आहे. मार्चमध्ये पाच नवी रोपं लावलीत. त्यांना पुरतं फळ धरायला चार-पाच वर्षं लागतील. मी मिरी लावलेली नाही."

इवाओ चिगुसाकडे डोळे मोठे करून बघत होता. जरा गुळगुळीत करून सांग, असं ते डोळे म्हणत होते. चिगुसाच्या हातात होतं ते, इंग्रजी कळणारं तिसरं कोणी नव्हतं. तिने शब्दाला शब्द लावून सगळं सांगितलं, पेट्रोल पंपासकट. आणि शेवटी स्वतःचं एक वाक्य घातलं.

"तू काय गं जास्तीचं बोललीस?" फुसाएने विचारलं.

"ते चुकीचं नाव मी दिलं होतं असं सांगितलं, आई. तुमच्या बीचा निकाल लागला, माझी चूक अजून डब्यावर आहे."

हेस्टरने सालींची बशी बराच वेळ न्याहाळली. कळवते म्हणाली, आणि संध्याकाळच्या बसने खाली गेली.

ऑगस्ट गेला, सप्टेंबर गेला. तोडणी संपली, वाळवण झालं, निवडणं झालं. इवाओ समोरून आला तर रस्ता बदलायचा. फुसाए रोज चष्मा पुसून बसायची आणि बी काढायची. विकला जाणार की नाही हे ठाऊक नसलेल्या मालातलं बीसुद्धा तिने एकेक करून काढलं.

ऑक्टोबरच्या मध्यावर इवाओ धापा टाकत बागेत आला. मागे चिगुसा, हातात डब्याच्या लेबलाचा छापील नमुना. वर मोठ्या अक्षरांत एकच शब्द होता. चिगुसाने त्यावर बोट फिरवून वाचला, "सान्शो." खाली एक बारीक ओळ होती. "काळं बी हाताने काढलेलं. साल खावी."

"मिरी?" फुसाएने विचारलं.

"कुठेच नाही, आई."

"ठरलं होतं त्याच्या निम्मंच घेतलंय," इवाओ कुरकुरला. मग त्याने टोपी काढली. "पण पुढच्या वर्षाचंही आत्ताच मागितलंय. पुढच्या उन्हाळ्यातही भट्टी पेटवणार वहिनी मी. रागावला असाल तर रागवा."

"तुमच्यावर रागवायला वेळ कुठाय," फुसाए म्हणाली. तिने नमुना घडी न घालता छातीशी धरला. डोळे भरून आले होते ते तिने पुसलेही नाहीत. शोकिचीच्या पहिल्या झाडाच्या खोडावर तिने हात ठेवला, पाच रोपांपाशी वाकून माती दाबली आणि ओठ घट्ट मिटून, झपझप, उतारावरून निघाली.

"आई, कुठे निघालात?" चिगुसा मागून धावली.

शेवटचं झाड मागे पडलं. तिने चप्पल सावरली, पाण्याचा पाट ओलांडला, आणखी चार पावलं सावधगिरीची टाकली, आणि मग भर रस्त्यात उभी राहून, सहा वर्षांनी, गळा मोकळा सोडून गायला लागली.