पाद्रीसाहेबांचा चहा

डेझमंड पिकर्सगिल चाळीस वर्षांत एकशे त्रेसष्ट वेळा मेला. मी रंगभूषाकार, त्यातल्या निम्म्या वेळा त्याचे ओठ मीच निळे केले. टीव्हीवरच्या खूनमालिकेत पहिल्या पाच मिनिटांत कोणीतरी मरावंच लागतं, आणि त्याच्याइतकं झकास मरणारा अख्ख्या इंग्लंडात नव्हता. लीड्सला एकदा खऱ्या डॉक्टरने त्याची नाडी पाहिली आणि टोपी काढली. त्या गडबडीत बिचाऱ्याचं जेवण हुकलं.

विष ही त्याची खासियत. पेला ओठाला लागला की डोळे फिरायचे, गुडघे दुमडायचे, आणि गडी गालिच्यावर.

दुःख एकच. शेवटच्या प्रवेशात गुप्तहेर सगळ्यांना दिवाणखान्यात जमवतो आणि खुनी कोण ते सांगतो. मेलेल्याला तिथे कोण बोलावणार? डेझमंड दुपारीच घरी. "माझा खून कोणी केला, हे मला शेजारीण सांगते रे," म्हणायचा.

एकाहत्तराव्या वर्षी त्याला पाद्र्याची भूमिका मिळाली. पाद्री जगतो! शिवाय भागातलं शेवटचं वाक्य त्याचं: "देव तुम्हांला क्षमा करो, बाईसाहेब." महिनाभर तो ते आरशापुढे घोकत होता.

चित्रण केंटमधल्या एका जुन्या हवेलीत. दिवाणखान्यात सगळे जमले. गुप्तहेर झालेला ह्युबर्ट बोलू लागला, मोलकरणीने चहा फिरवला. पाद्र्याने एक घोट घेतला आणि धाडकन मेला.

"कट!" दिग्दर्शिका फेलिसिटी ओरडली. "डेस, राजा, तू या भागात जिवंत आहेस."

"माफ करा हं. सवय."

दुसऱ्यांदा मेला. तिसऱ्यांदा तर इतका सुंदर मेला की प्रकाशवाल्याने डोळे पुसले.

"कप रिकामा देऊ या का?" मी विचारलं.

"चहाचं नाही रे, कपाचंच आहे," डेझमंड माझ्या कानात पुटपुटला. "कप लागला की पाय माझे राहत नाहीत."

"मग कप घेऊच नकोस ना!"

"चहा नाकारणारा इंग्लिश पाद्री? सगळा देश संशय घेईल."

तेही खरंच. खिडकीतलं ऊन कलत होतं आणि हवेली फक्त आजच्याच दिवसाची. फेलिसिटी म्हणाली, "शेवटची खेप. या वेळी मेलास, तर मेलेलाच राहा. वाक्य बटलर म्हणेल." बटलर लगेच घसा साफ करू लागला, लेकाचा!

कॅमेरा फिरला. चहा आला. डेझमंडने कप उचलला, टेकवला, गिळला. एक क्षण उभा राहिला. आम्ही श्वास रोखले. मग डोळे फिरले, गुडघे दुमडले.

खुनी बाईसाहेब झालेली ऑगस्टा बेलिंग सकाळपासून कंबर आवळणाऱ्या कॉर्सेटमध्ये उभी होती. तिचा संयम सुटला. पण मुरलेली नटी. ओरडली तीही बाईसाहेबांच्याच आवाजात.

"उठा हो, पाद्रीसाहेब! तुमच्या चहात मी विष घातलेलं नाही!"

फेलिसिटीचं तोंड 'कट' म्हणायला उघडलं ते उघडंच राहिलं.

ह्युबर्टने चार पानांचा उलगडा पाठ करून ठेवला होता. त्याने तो सोडला आणि सावकाश वळला.

"मग कुणाच्या घातलंत, बाईसाहेब?"

ऑगस्टा पांढरीफटक पडली. अभिनय होता की काय, देव जाणे.

आणि गालिच्यावर डेझमंडने एक डोळा उघडला. मग दुसरा. खुर्चीचा पाय धरून तो उठू लागला. एकशे त्रेसष्ट मरणांचं ओझं घेऊन माणूस जितका सावकाश उठेल, तितका. सरळ उभा राहिला, कॉलर नीट केली आणि म्हणाला, "देव तुम्हांला क्षमा करो, बाईसाहेब."

"कट," फेलिसिटी कुजबुजली. टाळ्यांनी छताचा चुना पडला. माझ्या कोटावर पडला म्हणून सांगतो.

ऑगस्टाने त्याला मिठी मारली. "पुन्हा माझ्यासमोर मेलास तर खरंच ठार मारीन हं, चिमण्या."

सामान उचलायला सुरुवात झाली. दिवे नेले, गालिचा गुंडाळला. डेझमंड आपल्या खुर्चीत तसाच बसलेला.

"शेवटपर्यंत उरलेली माणसं आता काय करतात रे?" त्याने विचारलं.

"घरी जातात."

"जाऊ की," तो म्हणाला, आणि पाय लांब करून आणखी रेलून बसला. शेवटी हमालांनी त्याला खुर्चीसकट उचलून बाहेर हिरवळीवर नेऊन ठेवलं.