आवाज काढलेली फिल्म

शिवणकाम करणारी मावशी एकटी राहायची, आणि 'एकटी आहे म्हणूनच मजेत आहे' असं येईल त्याला ठणकावून सांगायची. भाचीने कॉलेजच्या फिल्मसाठी आठवडाभर तिच्या खोलीत कॅमेरा लावून ठेवला, तेव्हाही तिने फक्त मशीनवरची धूळ पुसली.

"यात घडतं काय?" फिल्म बघायला बसताना तिने विचारलं.

"काहीच नाही. शहरात माणूस कसा तुटत जातो, त्यावर आहे. प्रायोगिक."

"मग मी अगदी मापात बसले म्हणायची."

आवाज भाचीने मुद्दाम काढून टाकला होता. पडद्यावर मावशी पँटची शिवण उसवत होती, तोंडात टाचण्या. आपली पाठ एवढी वाकलीय? मग पडद्यावरची मावशी उठली. दार उघडलं. बाहेर कोणीच नव्हतं. ती तोंडभर हसली, बाजूला सरली, खुर्चीवरचे कपडे उचलून त्या रिकाम्या खुर्चीपुढे चहाचा कप ठेवला आणि बोलत बसली. नुसते ओठ हलत होते.

मावशी पडद्याच्या जवळ सरकली. यातलं काही म्हणजे काही तिला आठवत नव्हतं.

"कसली ॲक्टिंग केलीस गं! आमचे सर तर वेडे झाले," भाचीने कॅमेरा उचलला. "दार उघडतानाचं जवळून हवंय. परत करशील?"

'हो, ॲक्टिंगच' म्हटलं की सुटली. खरं बोलली, तर ताई, भाचीची आई, संध्याकाळच्या आत हजर. मशीनवर चादर टाकेल, खोलीला कुलूप लावेल आणि मावशीला आपल्या घरी नेऊन बसवेल. कायमची.

मावशी उठली. कडीवर हात ठेवला. हसायचं कोणाकडे बघून? आणि दार उघडल्यावर खरंच कोणी दिसलं तर?

"थांबलीस का? मस्त चाललंय."

"मी ॲक्टिंग केली नव्हती गं. मला आठवतच नाही."

"वा! हेच वाक्य परत, जरा इकडे बघून—"

"कॅमेरा खाली ठेव."

भाचीने ठेवला. मावशीचा चेहरा बघून तिचं हसू ओठातच विरलं. "मावशी, मस्करी नको हं."

"मस्करी असती तर किती बरं झालं असतं," मावशी म्हणाली. कडी तिने अजून घट्ट धरली होती. "तुझ्या आईला फोन लाव. आणि ती येईपर्यंत माझ्याजवळून हलू नकोस."