बारा मुसळांचा जमाव

मुलांनो, डोळे मिटा. वाचायचं आहे म्हणून अर्धेच मिटा. आता एक मळा बघा. धुळ्याच्या अलीकडे, पौषातली दुपार. कपाशीच्या वाळक्या काड्यांवर हिरवी वांगी भाजताहेत, धूर नाकात जातोय आणि बडगी नावाच्या लाकडी डोणीभोवती उभी राहून बारा माणसं मुसळांनी भरीत ठेचताहेत. त्या धुरातून येणारे ते नवे फौजदार. परजिल्ह्यातले. त्यांनी भरीत फक्त ताटात पाहिलेलं.

‘घातक हत्यारांसह बेकायदा जमाव,’ असा गुन्हा त्यांनी नोंदवला. मुसळं जप्त झाली. वांगीही झाली असती, पण पंचनामा होईस्तोवर ती पंचांनीच खाल्ली.

नऊ वर्षांच्या हेमांगीला याची गंमत वाटली. पण तिची मोनालीआत्या आरोपी नंबर चार होती, आणि आत्याला नुकतीच जिल्हा परिषदेच्या शाळेवर नेमणूक मिळाली होती. महिन्याभरात पोलीस पडताळणी. नावावर गुन्हा दिसला की नेमणूक गेली. आत्याचं जेवणच सुटलं.

मग सगळे धुळ्यातल्या देवपुरात बन्सीलाल वकिलांकडे गेले. ते म्हणाले, "उच्च न्यायालयात अर्ज करू. पोलिसांची फिर्यादच रद्द करून मागू."

"बठ्ठं खोटं शे, असं लिखा," हेमांगीची आजी पुष्पाबाई म्हणाली. "आम्ही मळामा गयतच नही."

"लिहितो. सर्व आरोपी त्या वेळी घरी झोपले होते."

"बाराही?" हेमांगीने विचारलं.

वकिलांनी चष्म्यावरून बघितलं. ती फिर्यादीवर बोट ठेवून अडखळत वाचत होती. "सदर इसम सदर मुसळांनी भाजलेली वांगी ठेचत असताना मिळून आले. वकीलकाका, यात खोटं काय आहे? ठेचलीच की आपण."

वकील पोट धरून हसले. अशा अर्जात न्यायाधीश आधी एवढंच बघतात: फिर्यादीतलं अक्षर न् अक्षर खरं धरलं, तरी त्यातून गुन्हा होतो का? खोटं आहे म्हणाल, तर ते म्हणतील, खालच्या कोर्टात जाऊन पुरावे द्या. त्यात वर्षं जातात. वकिलांनी झोपलेले बारा आरोपी फाडून टाकले आणि नव्या कागदावर लिहिलं, वांगी ठेचल्याचं मान्य.

संभाजीनगरच्या खंडपीठात न्यायाधीशांनी ती ओळ दोनदा वाचली. सरकारी वकिलांना विचारलं, "हा जमाव कोणावर चालून जाणार होता?"

"कागदावर तरी... वांग्यांवर, मायलॉर्ड."

"वांग्यांची काही तक्रार?"

पडताळणीआधीच फिर्याद रद्द झाली. त्या दिवशी आत्या तीन भाकरी जेवली.

पुढच्या भरताच्या दिवशी जप्त मुसळं परत करायला फौजदार स्वतः मळ्यात आले आणि धुरात डोळे चोळत उभे राहिले. कोणी या म्हणेना, कोणी जा म्हणेना. हेमांगीने त्यातलं सगळ्यांत जड मुसळ निवडून त्यांच्या हातात दिलं, एक गरम वांगं त्यांच्यासमोर बडगीत टाकलं आणि त्यांनाही धरून जमाव पहिल्यापासून मोजायला घेतला.