भोपळ्याच्या आईचं नाव

नऊ वर्षं त्या आर्विड टोलेफ्सनने माझ्या हातावर तुरी दिल्या होत्या. खुनी नाही, दरोडेखोर नाही. सरकारी जंगलातून पोतंभर जिनसेंगच्या महागड्या औषधी मुळ्या खणल्या म्हणून चौदा महिन्यांची शिक्षा झालेला माणूस! ऑगस्टात तुरुंगात हजर व्हायचं, तर हा न्यायाधीशांना म्हणतो, "साहेब, वेलीवर भोपळा आहे, ऑक्टोबरात येतो." न्यायाधीश हसले आणि नाही म्हणाले. तिसऱ्या दिवशी हा गायब. चौदा महिने चुकवायला नऊ वर्षं वणवण. आता अशा माणसाला काय म्हणावं!

मी मार्शल, केंद्र सरकारची. कोर्टाने बोलावलेला माणूस आला नाही की त्याला हुडकून, बेड्या घालून आणायचं, हे माझं काम. सत्तावीस वर्षं केलंय आणि बरं केलंय. कुणी आईच्या मयताला येतो, कुणी पोरीच्या लग्नाला, कुणाला जुन्या मैत्रिणीला फोन केल्याशिवाय राहवत नाही. कुठे ना कुठे सापडतोच. पण आर्विडला आई नव्हती, पोरगी नव्हती, आणि मैत्रीण तर त्याच्या त्या अवतारात शक्यच नव्हती. डिसेंबरात मी निवृत्त होणार आणि ही एक फाइल दुसऱ्याच्या टेबलावर जाणार, या विचाराने माझं डोकं फिरायचं. माझ्या हाताखालचा मातेओ जखमेवर मीठ चोळायचा, "बॉस, तुमच्या निरोपसमारंभाला त्यालाच पाहुणा म्हणून बोलवू या का?"

आणि सापडला कुठे, तर माझ्याच स्वयंपाकघरात, मी अंडी तळताना.

माझा नवरा गस राक्षसी भोपळे पिकवतो. विस्कॉन्सिनमध्ये असले वेडे पैशाला पासरी. उन्हात भोपळ्याला चादर पांघरतील, बायकोला विचारणार नाहीत. आमच्या एल्क क्रीक गावच्या मेळ्यात दरवर्षी त्यांची वजनं होतात आणि अर्ज गसकडे येतात. त्या सकाळी अर्ज चाळताना तो एकदम ओरडला.

"व्हर्ना! हा बघ, कुणी रे बेन्सन आहे. भोपळ्याची आई कोण लिहिलीय माहितेय? १४३२ टोलेफ्सन!"

या लोकांत बीला नाव असतं: ज्या भोपळ्यातून ते निघालं त्याचं वजन आणि पिकवणाऱ्याचं आडनाव. माणूस मेला तरी त्याचं बी त्याच्याच नावाने पेरलं जातं. अर्जात भोपळ्याचे आई-बाप लिहावे लागतात, सोयरीक जुळवताना लिहितात तसे.

"मग? घेतलं असेल कुणाकडून तरी," मी म्हणाले.

"कुणाकडून? आर्विडने ते बी कुणालाच दिलं नाही. मी पाया पडलो होतो त्याच्या. मेल्याने एक म्हणून दिलं नाही!"

माझ्या हातातला कालथा तसाच राहिला. स्वतःचं नाव खोटं लिहिलं आणि भोपळ्याच्या आईचं खरं! "अरे, पण आईचंही खोटं का नाही लिहिलं त्याने?"

चर्चमध्ये शिवी दिल्यासारखं गसने माझ्याकडे पाहिलं. "भोपळ्याच्या आईबद्दल खोटं? अगं, माणुसकी म्हणून काही असते की नाही?"

जित्याची खोड, दुसरं काय! अंडी करपली, पण मी त्या दिवशी ऑफिसात शीळ घालत गेले.

शनिवारी मेळ्यात मी आणि मातेओ पोचलो. माझ्याकडच्या फोटोतला आर्विड दाढीवाला, ढेरपोट्या. समोर रे बेन्सन म्हणून उभा होता तो काटकुळा, गुळगुळीत गालांचा. तोच की दुसरा, छातीवर हात ठेवून मलाच काय, गसलाही सांगता येईना. बोटांचे ठसे जुळवले की प्रश्न मिटणार होता. मातेओला मी मोठ्या फाटकावर ठेवलं आणि पुढे निघाले, तर गस आडवा.

"वजनाआधी त्याला हात लावलास तर याद राख!"

"अरे, फरारी आहे तो!"

"असू दे. आत्ता माझा भोपळा पहिला आहे, १७०९ पौंड. तू त्याला उचललंस तर सगळं गाव म्हणेल, नवऱ्याला बक्षीस मिळावं म्हणून मार्शलबाईने माणूस आत टाकला. मग मी तोंड कुठे दाखवू?"

मी दात-ओठ खाल्ले. पण खोटं नव्हतं त्याचं. गाव तसंच आहे आमचं. मी वजनकाट्याजवळ उभी राहिले. मागचं लहान फाटक उघडंच होतं, तिथून तीस पावलांवर बेन्सनचा ट्रक. मला काटा आणि फाटक दोन्ही राखता येणार नव्हतं.

त्याने माझ्या कमरेचा बिल्ला पाहिला. मग फाटकाकडे पाहिलं. मग क्रेनच्या पट्ट्यांवर लटकत वर जाणाऱ्या आपल्या भोपळ्याकडे. पळ की मेल्या, असं क्षणभर माझ्याच मनात आलं, देवाशपथ! तो पळाला नाही. टोपी काढून छातीशी धरली आणि उभा राहिला.

पंचांनी खाली आरसा धरून भेग शोधली; भेग सापडली की भोपळा बाद. भेग नव्हती. भोपळा काट्यावर टेकला, आकडे फिरले आणि थांबले: २१८७. मेळ्यात इतका मोठा भोपळा आजवर कुणी पाहिला नव्हता. लोकांनी जो काही कल्ला केला! आणि हरलेला माझा नवराच सगळ्यांत उंच उड्या मारत होता.

निकालाच्या फळ्यापाशी माइक घेऊन डार्लीन उभी होती. फळ्यावर तीच लिहायची. "पिकवणाऱ्याचं नाव सांगा हो! याच्या बियांनाही तेच लागणार आहे, नीट सांगा."

त्याने फळ्याकडे पाहिलं. बेन्सन म्हणाला असता तर कागद चोख होते, गर्दी होती, ट्रक जवळ होता. त्या गोंधळात मी त्याला गाठलं असतं की नाही, आजही सांगता येत नाही. फक्त ते बी जन्मभर अशा माणसाच्या नावाने पेरलं गेलं असतं, जो कधी नव्हताच.

"टोलेफ्सन," तो म्हणाला. मग माइक स्वतःकडे ओढून मोठ्याने, "आर्विड टोलेफ्सन! आणि त्या बाई माझ्यासाठीच आल्यात, त्यांना जरा वाट द्या."

लोक खरंच बाजूला झाले. बेड्या काढून मी त्याच्यासमोर गेले. नऊ वर्षं काय काय सुनवायचं ठरवलं होतं! मेल्याने रडवलंच मला.

"बाई, दोन मिनिटं," तो हळूच म्हणाला. "तिला पूर्ण लिहू द्या."

डार्लीनचं अक्षर सुरेख, पण हात भारी संथ. एकेक अक्षर ती गिरवत होती, आणि तो, मी, गस, फाटक सोडून आलेला मातेओ, सगळे माना वर करून बघत होतो. २१८७ टोलेफ्सन. शेवटचं अक्षर झाल्यावर आर्विडने ते एकदा मोठ्याने वाचलं आणि दोन्ही हात आपणहून पुढे केले.

"चला," तो म्हणाला.