सव्वीस पुरवण्या

"बाहेर पडताना तो विचारेल, जतन करू का? नाही म्हणायचं. दरवेळी नाही. मावशी, ऐकतेयस ना?"

भाचीचं हे वाक्य मावशीने वहीत लिहून घेतलं होतं आणि खाली दोन रेघाही मारल्या होत्या. वही कीबोर्डच्या डाव्या हाताला उघडी पडलेली होती. तरी जे व्हायचं ते झालंच.

भाची हवामान खात्यात होती. सहा महिन्यांसाठी तिची एका लांबच्या बेटावर नेमणूक झाली होती. तिथे वारा मोजायची यंत्रं, चार माणसं आणि जेमतेम धुगधुगी असलेलं इंटरनेट. जाण्याआधी तिने आपला कॉम्प्युटर मावशीकडे आणून स्वयंपाकघराच्या खिडकीखाली मांडला आणि मावशीला एक खेळ शिकवला. त्यात माणसं तयार करायची, त्यांना घर बांधून द्यायचं आणि ती जगतात ते बघायचं. ती उठतात, दात घासतात, रुसतात, म्हातारी होतात. जिंकणं-हरणं नाही.

"मग खेळायचं काय त्यात?" काकांनी विचारलं होतं. काका म्हणजे मावशीचे यजमान. जन्मभर नळजोडणीची कामं केलेला माणूस.

"काही नाही हो काका. सांभाळायचं."

"ते तर मी चाळीस वर्षं करतोय. मला कुणी खेळ म्हणालं नाही."

भाचीच्या खेळात एकच घर होतं आणि घरात एकच बाई. उंच, चालताना जराशी पुढे झुकणारी, काळ्याभोर केसांची. ती भाचीची आई, म्हणजे मावशीची थोरली बहीण. मावशी तिला ताई म्हणायची. ताईला जाऊन सात वर्षं झाली होती.

भाचीने मागून मागितलं ते एवढंच, की रोज एकदा खेळ उघडावा, तिथला एक दिवस सरू द्यावा आणि ताई काय करतेय त्याचा एक फोटो पाठवावा. बेटावर जास्त काही पोचत नव्हतं, एक फोटो पोचायचा. मावशी मुळात नेमाची बाई. आंघोळ, प्रार्थना, मग ताई. त्यानंतर घोटभर चहा. चार महिन्यांत एक सकाळ चुकली नव्हती. ताई झाडांना पाणी घालताना, ताई जिन्यात बसून वाचताना, ताई करपलेल्या टोस्टकडे बघताना. फोटो गेला की काका कप घेऊन मागे येऊन उभे राहत आणि त्यांची रोजची तक्रार करत.

"सिंकखाली पाइपच नाही. पाणी जातं कुठे हिचं?"

"अहो, तिला अडत नाही तर तुमचं काय जातंय?"

मूळ खेळात गरजेपुरतंच सामान होतं. बाकीचं लोक आपापल्या हौसेने बनवत आणि ज्याला हवं तो ते खेळाला जोडून घेई. भाची त्यांना मॉड म्हणायची. मावशीने एकतीस वर्षं जन्म-मृत्यू नोंदणीच्या कार्यालयात काढली होती. तिथे मूळ कागदाला जी पानं जोडत त्यांना पुरवणी म्हणत, म्हणून ती यांनाही पुरवण्याच म्हणे. अशा सव्वीस होत्या. एक ताईच्या चष्म्याची, एक त्या लाकडी जिन्याची, एक झाडांची, आणि एक वय थांबवणारी. खेळात वय थांबवायची सोय नव्हती, माणूस आपल्या गतीने म्हातारा होऊन जायचाच. ही पुरवणी लावल्यामुळे ताई एक्कावन्नावरच राहिली होती. खरी ताईही तिथपर्यंतच पोचली होती.

मग एका मंगळवारी खेळ आपला आपणच नवा झाला. मावशीने नेहमीसारखं घर उघडलं, तर ताई स्वयंपाकघराच्या मधोमध दोन्ही हात आडवे पसरून उभी. चेहऱ्याच्या जागी नुसती गुळगुळीत कातडी.

काकांनी कप खाली ठेवला. "आज हिचा फोटो नको पाठवूस."

मावशीने भाचीला फोन लावला. तिसऱ्या खेपेला लागला. भाची घाबरली वगैरे नाही. असं होतं म्हणाली.

"एखादा मॉड नव्या खेळाशी जुळत नसणार. तू असं कर, यादी उघड आणि तेरा बंद कर. घरात जाऊन बघ. चेहरा आला तर बिघाड त्या तेरांत. नाही आला तर उरलेल्या तेरांत. मग ज्यांच्यात आहे त्यांचे पुन्हा अर्धे."

"म्हणजे धान्य निवडल्यासारखं."

"तस्संच. फक्त एक. मॉड बंद असताना जतन केलंस तर त्या मॉडचं जे जे घरात आहे ते खेळ विसरतो. कायमचं." आणि मग ते वाक्य, जे मावशीने लिहून घेतलं.

तिने पद्धतशीर काम केलं. सव्वीस नावं वहीत उतरवली, पुढे रकाने आखले. पहिल्या तेरांवरच्या खुणा काढून ती घरात गेली. जिना गायब, झाडं गायब, चेहरा नाही तो नाहीच. बाहेर आली. वहीत फुली मारली. दुसऱ्या खेपेला चेहरा आला, पुन्हा बाहेर. तिसरी, चौथी. पाचव्या खेपेला चोर सापडला. भुवया जाड करणारी कसलीशी पुरवणी होती. मावशीने ती बंद केली, बाकीच्या पंचवीस पुन्हा चालू केल्या आणि समाधानाने पदराला हात पुसले.

"सापडली?" काकांनी बाहेरच्या खोलीतून विचारलं.

"सापडली. भुवई होती."

"भुवईने एवढा तमाशा केला?"

मावशी खेळातल्या घरात गेली. ताईला चेहरा होता. हात जागेवर होते. पण चष्मा नव्हता. जिन्याच्या जागी भिंतीत एक भोक होतं आणि अंगणात झाडांचे नुसते खड्डे. मावशीने यादी पुन्हा तपासली. चष्मा चालू, जिना चालू, झाडं चालू. मग तिची नजर वहीवरच्या त्या दोन रेघांवर गेली.

तिच्या कार्यालयात एकच दंडक होता. खुर्चीतून उठायच्या आधी जतन. पाणी प्यायला उठलात तरी जतन. एका दुपारी वीज गेली आणि चाळीस बाळं पुन्हा जन्माला घालावी लागली, असं ती हसत सांगायची. त्या दिवसानंतर एकतीस वर्षं, पडद्यावर प्रश्न आला की तिचं बोट 'हो'वर जायचं. डोक्याला विचारायच्या आधीच जायचं. आजही ते पाच वेळा गेलं होतं आणि तिला एकदाही कळलं नव्हतं.

खेळ मागच्या चार प्रती जपून ठेवत असे. मावशीने त्या उघडून बघितल्या. चारही आजच्याच होत्या, आज सकाळच्या, तिच्याच हातच्या. पाचवीने सगळ्यात जुनीला बाहेर ढकललं होतं. कालची ताई कुठल्याच प्रतीत नव्हती.

तिने ताईला नवा चष्मा घातला. जिना नवा बसवला. झाडं लावली. एवढं तर भागलं, असं वाटून तिने घड्याळ सुरू केलं. खेळातली रात्र झाली, ताई झोपली. सकाळी उठली ती पांढऱ्या केसांनी. पाठ वाकलेली. सात वर्षं अडवून धरलेलं वय एका रात्रीत आत शिरलं होतं. कोपऱ्यात लिहिलं होतं, उरलेले दिवस तीन.

मावशीने घड्याळ थांबवलं. वय थांबवणारी पुरवणी यादीत चालूच होती. तिच्यासोबतची सूचना मावशीने चष्मा पुसून दोनदा वाचली. ही पुरवणी म्हातारपण लागण्याआधी लावावी, नंतर लागू होत नाही.

काका येऊन मागे उभे राहिले.

"तुझ्याकडे जुने फोटो किती आहेत?" त्यांनी विचारलं.

"एकशेवीस असतील."

"पोरगी यायला दोन महिने. रोज एक पाठव. झाडांना पाणी घालतानाचेच दहा-बारा आहेत. तिला काय कळतंय तिकडे?"

मावशीने मान हलवली. "रोज एक म्हणजे साठ होतील."

"फोटो?"

"खोटं बोलणं."

नळाला काहीही झालेलं नसताना काका नळ बघायला गेले.

फोन संध्याकाळी लागला. पलीकडे वाऱ्याचा आवाज इतका होता, की मावशीला सगळं दोनदा सांगावं लागलं. तिने आडपडदा ठेवला नाही. पाच वेळा 'हो' म्हटलं, हेही सांगितलं.

"किती दिवस दाखवतोय?" भाचीने विचारलं.

"तीन."

"आणि केस?"

"पांढरे. कानाशी जरा करडे आहेत अजून."

"फोटो पाठव."

फोटो पोचायला अकरा मिनिटं लागली. तोवर कुणी फोन ठेवला नाही. भाची तिकडे कुणाला तरी म्हणाली, की आठची नोंद तूच घे. मावशी टेबलाच्या कडेवरचा एक डाग नखाने खरवडत राहिली.

"मला वाटलं होतं, म्हातारी झाली असती तर आजीसारखी दिसली असती," भाची म्हणाली. "नाही दिसत. तुझ्यासारखी दिसते."

"माझ्या हातून झालं गं हे."

"हो. तुझ्याच हातून झालं."

मावशीला ते ऐकून बरं वाटलं, आणि बरं वाटल्याचं नवल वाटलं.

"घड्याळ थांबवून ठेवू का? तू येईपर्यंत? आहे तिथेच उभी राहील."

"आणि मला रोज काय पाठवशील?"

"हाच."

"न हलणारे फोटो माझ्याकडे आहेत, मावशी. भिंतीवर एक आहे, पाकिटात एक आहे." वारा मध्ये आला. "तिचे दिवस तिला जाऊ दे. पण असं नको. त्या घरात दुसरं कुणी नाही ना. घरातला शेवटचा माणूस गेला की खेळ काही दाखवत नाही. पडदा काळा होतो आणि थेट घरांची यादी समोर येते. घरात आणखी कुणी असेल तरच ते जाणं दाखवतो."

खऱ्या ताईच्या वेळी भाची परीक्षेच्या हॉलमध्ये होती आणि मावशी कार्यालयात. दोघींना फोन आले तेव्हा सगळं होऊन गेलं होतं. त्यावर दोघी कधी बोलल्या नव्हत्या, आताही बोलल्या नाहीत.

"मग तुला करू का?" मावशीने विचारलं. "तू लेक आहेस तिची. तुला करते आणि तिच्या घरी पाठवते."

"मला नको. मी इथून बघणार, आणि तिथे हात तुझे चालणार. ती मी नव्हेच. तू जा. स्वतःला कर आणि तिच्याकडे राहायला जा."

"तू मला कधी केलं नाहीस ते?"

"तू आहेस की. असलेल्या माणसाला कशाला करायचं? फोन लावला की बोलतेस."

मावशी हसली. तिकडे भाचीही हसली असावी, वाऱ्यात कळलं नाही.

"एक मात्र," भाची म्हणाली. "वेग वाढवायचा नाही. ती झोपली असली, नुसती बसून असली, तरी नाही. तीनही दिवस तिच्या गतीने."

"नाही वाढवणार."

"शब्द?"

"शब्द."

दुसऱ्या दिवशी सकाळी, आंघोळ-प्रार्थना झाल्यावर, मावशीने 'नवीन माणूस' असं लिहिलेलं बटण दाबलं. पडद्यावर एक पोरसवदा बाई कमरेवर हात ठेवून उभी राहिली. तिला बुटकं करावं लागलं, मग जाड. काका खुर्ची ओढून शेजारी बसले.

"नाक एवढं धारदार नाही तुझं."

"माहीत आहे मला."

"आणि ती उभी बघ कशी राहिलीय! तू अशी कधी उभी राहिलीस?"

"लग्नाआधी राहायचे."

कपडे निवडायची वेळ आली तेव्हा काकांनीच एक साधा निळा झगा बोटाने दाखवला आणि मावशीने तो घेतला. स्वभावाच्या खान्यात तीन गोष्टी निवडायच्या होत्या. मावशीने 'व्यवस्थित' घेतलं, 'अबोल' घेतलं. तिसऱ्यापाशी ती थांबली. यादीत 'विसराळू' होतं. तिने तेही घेतलं. मग नातं विचारलं गेलं आणि तिने 'बहीण' असं नोंदवलं, 'धाकटी'.

निळ्या झग्यातली बाई एक पेटी घेऊन फाटकाशी उभी राहिली. आत, खिडकीच्या काचेमागे, एक पांढरं डोकं हललं.

"मी स्वयंपाकाचं बघतो आज," काका उठत म्हणाले. "तू बस."

मावशीने कप बाजूला सारला आणि खुर्ची पुढे घेतली. वेगाचे तीन बाण होते. तिने पहिल्यावर बोट ठेवलं, घड्याळ सुरू केलं आणि त्या बाईला दाराकडे चालायला सांगितलं.