वेताच्या खुर्चीतले बाबा

"अहो, विहिरीत घागर सोडली तर पाणी तरी येतं. तुमच्या मनात सोडली, तर दोरसुद्धा परत येत नाही."

लहानपणी भिंतीपलीकडून ऐकलेला आईचा हा आवाज लेकीच्या कानात असा मुक्कामाला राहिला, की पुढे ती माहितीपट करू लागली तेव्हा विषय शोधावा लागलाच नाही. माणसाच्या मनात काय चालतं, तेच टिपायचं. बरेच जण कॅमेऱ्यापुढे बसले, भरभरून बोलले. उरले बाबा. ते तिच्याशी आजवर बोलले ते "जेवलीस?" आणि "दिवा मालव" एवढंच. त्यांच्याविना तिच्या लेखी सगळा खटाटोप बिनमिठाचा.

तिची रीत ठरलेली: समोरचा आपणहून बोलेपर्यंत कुणी हूं की चूं करायचं नाही.

बाबा आईच्या वेताच्या खुर्चीत टेकले. थोड्या वेळाने कर्र झालं. बाबांचे डोळे मोठे झाले, आणि मग ते जे स्थिरावले ते स्थिरावलेच. नाकावर माशी बसली, जरा फिरून आली, पुन्हा बसली. बाबा ढिम्म.

"समाधी लागली," कॅमेरावाला न राहवून पुटपुटला. त्याचे डोळे पाणावले होते.

आवाजवाल्याने हेडफोन कानावर दाबला. "ताई, आतून काहीतरी तुटल्यासारखं ऐकू येतंय."

ताईंना भरून आलं. बाबा चौकटीतून हळूहळू खाली सरकत होते, गुडघे हनुवटीला भिडायला आले होते. तिने खुणेने कॅमेराच खाली घ्यायला लावला.

तेवढ्यात आई चहा घेऊन खुर्चीमागून आली आणि थबकली. "अगं, तुझे बाबा खुर्चीखालून बाहेर यायला लागलेत."

मग एकच ओढाओढ. कॅमेरावाल्याने काखा धरल्या, आवाजवाल्याने खुर्चीचे पाय. बाबा उठले ते खुर्चीसकट. दारापर्यंत तसेच गेले, तेव्हा कुठे सुटले.

"वेत तुटला तेव्हा हाक मारायला काय झालं होतं?" आई म्हणाली. "तोंडाला कुलूप होतं?"

आता "काही नाही" येणार, हे लेकीला पाठ होतं. कॅमेरा अजून खाली, बाबांच्या चपलांकडेच बघत होता.

बाबांनी खुर्चीच्या भोकात एकदा डोकावून पाहिलं.

"पोरी, एवढा वेळ तू माझ्याकडे कधी बघत बसली नव्हतीस," ते म्हणाले. "म्हटलं, उठलो की जाशील."